हुकूमनामा 1986 चा, ताब्याचा आदेश 2025 चा

तमिळनाडूतल्या एका जमिनीच्या विक्रीचा करार 30 जून 1980 रोजी झाला. पुढे खरेदीखताचे घोडे अडले, घेणाऱ्याने कराराच्या पूर्ततेचा दावा लावला आणि 1986 मध्ये त्याच्या बाजूने हुकूमनामा, म्हणजे दिवाणी दाव्याचा निकाल देणारा आदेश, झाला. आपल्याकडच्या मानाने हा वेग बराच म्हणायचा. त्यानंतरची 39 वर्षे मात्र कागद एकाकडे आणि जमीन दुसऱ्याकडे अशीच गेली. सर्वोच्च न्यायालयाने 6 मार्च 2025 रोजी निकाल दिला तेव्हा मूळ वादी हयात नव्हता. ज्या वारसाच्या नावाने हे प्रकरण आता ओळखले जाते, त्या पेरियम्मलच्या नावापुढेही शीर्षकात ‘मयत, वारसांतर्फे’ अशीच नोंद आहे.

न्या. जे. बी. पारडीवाला आणि न्या. आर. महादेवन यांनी वारसांचे अपील मंजूर केले. खालच्या न्यायालयाचा आणि मद्रास उच्च न्यायालयाचा आदेश रद्द केला. लागल्यास पोलीस घ्या, पण दोन महिन्यांत जमिनीचा मोकळा ताबा वारसांना द्या, असे बजावले. एवढ्यावर थांबते तर हे प्रकरण वकिलांच्या टिपणवहीपुरते उरले असते. पण खंडपीठाने शेवटी आणखी एक काम केले. देशातल्या सगळ्या उच्च न्यायालयांनी आपापल्या जिल्हा न्यायालयांकडून प्रलंबित दरखास्तींची, म्हणजे हुकूमनामा अमलात आणण्याच्या अर्जांची, माहिती मागवावी, त्या सहा महिन्यांत निकाली काढण्याचे परिपत्रक काढावे, तसे झाले नाही तर संबंधित न्यायाधीशाला उच्च न्यायालयापुढे प्रशासकीय जाब द्यावा लागेल आणि सगळे आकडे दिल्लीला कळवावेत, असा आदेश दिला. मुख्य म्हणजे प्रकरण बंद न करता सात महिन्यांनी पुन्हा बोर्डावर घ्यायला सांगितले.

दावा जिंकल्यानंतरचा दावा

कोर्टाची पायरी न चढलेल्या वाचकासाठी थोडे खुलासेवार सांगतो. निकाल लागला म्हणून न्यायालय आपणहून जमीन ताब्यात देत नाही किंवा पैसे वसूल करून देत नाही. जिंकणाऱ्याला पुन्हा अर्ज करावा लागतो. महाराष्ट्रात त्याला दरखास्त म्हणतात आणि ती लावायला सर्वसाधारणपणे 12 वर्षांची मुदत असते. दिवाणी प्रक्रिया संहितेतला आदेश 21 याच कामासाठी आहे आणि त्यात शंभरावर नियम आहेत. भारतातल्या पक्षकाराच्या अडचणी हुकूमनामा मिळाल्यावर सुरू होतात, हे प्रिव्ही कौन्सिलने 1872 मध्येच दरभंगा राजच्या एका खटल्यात म्हणून ठेवले आहे. तेव्हापासून हे वाक्य निकालपत्रांमधून इतक्या वेळा फिरले आहे की आता ते वाचून कोणी दचकत नाही.

तालुक्याच्या ठिकाणी ताब्याची दरखास्त कशी चालते, हे तिथल्या कोणत्याही वकिलाला तोंडपाठ असते. हुकूमनाम्याला दोन वर्षे उलटली असतील किंवा हरलेला पक्षकार मयत असेल, तर आधी नोटीस काढावी लागते. वारसांचे पत्ते शोधण्यात काही महिने जातात. मग कब्जा वॉरंट निघते आणि ते बजावणारा न्यायालयाचा कर्मचारी, म्हणजे बेलिफ, गावात जातो. घराला कुलूप, ऋणको (म्हणजे हरलेला पक्षकार) परगावी, शेतात उभे पीक, घरातली माणसे आडवी आली, यांपैकी काहीतरी लिहून वॉरंट परत येते. मग कुलूप तोडण्याच्या परवानगीचा अर्ज आणि त्यावर समोरच्याचे म्हणणे. मग पोलीस बंदोबस्ताचा अर्ज, त्याचा खर्च भरणे. तोवर गणपती येतात किंवा निवडणूक लागते आणि पोलीस ठाणे कळवते की तूर्त मनुष्यबळ उपलब्ध नाही. यात न्यायाधीशाने एकही तहकुबी गैर दिलेली नसते. तरी वर्ष संपते.

तमिळनाडूच्या प्रकरणात याहून अवघड गाठ पडली. ताब्याची वेळ आली तेव्हा त्रयस्थ मंडळी पुढे आली. आम्ही ही जमीन कूळ म्हणून कसतो, आम्ही मूळ दाव्यात पक्षकार नव्हतो, म्हणून हा हुकूमनामा आमच्यावर बंधनकारक नाही, असे त्यांचे म्हणणे. कूळकायद्याच्या वाटेने आलेली अशी हरकत महाराष्ट्रातल्या वाचकाला नवी नाही. ती खरीही असू शकते. वर्षानुवर्षे कसणाऱ्या माणसाला दुसऱ्या दोघांच्या भांडणात बेघर करू नये, म्हणूनच कायद्याने त्याला दार ठेवले आहे. पण त्याच दारातून हरलेल्याच्या सोयीचा माणूसही आत येतो, आणि दोघांतला फरक पुराव्याशिवाय कळत नाही.

1976 च्या दुरुस्तीआधी अशा अडथळ्याचा निर्णय लागल्यावर नाराज माणसाला वेगळा दावा लावता येत असे. म्हणजे दाव्याला दरखास्त आणि दरखास्तीला पुन्हा दावा. दुरुस्तीने ती साखळी तोडली. आता आदेश 21 च्या नियम 97 ते 103 नुसार हक्क, मालकी, ताबा हे सगळे प्रश्न दरखास्तीतच संपवायचे आणि त्या निर्णयाला हुकूमनाम्याचा दर्जा. हेतू चांगलाच होता. पण त्यामुळे दरखास्तीच्या पोटात एक पूर्ण दावा बसला. साक्षी, उलटतपास, कागद शाबीत करणे, मग अपील. वकील कामाचा, न्यायाधीश हजर आणि साक्षीदार वेळेवर असले, तरी याला सहा महिने पुरतील असे ज्याने दिवाणी बोर्ड पाहिले आहे तो म्हणणार नाही.

आणखी एक गोष्ट निकालपत्राच्या पहिल्याच पानावर आहे. वारसांची विशेष अनुमती याचिका, म्हणजे अपिलाची परवानगी मागणारा अर्ज, 2020 च्या क्रमांकाची आहे आणि अपिलाचा क्रमांक 2025 चा. हुकूमनामाधारकाची जवळपास 5 वर्षे सर्वोच्च न्यायालयातच गेली. विलंबाची झाडाझडती घेणारे न्यायालय त्या विलंबाचा एक मुक्कामही होते. हा टोमणा नाही. दरखास्त अडते तेव्हा तिचे कागद पुष्कळदा वरच्या न्यायालयात स्थगितीखाली किंवा पुनरीक्षणात पडलेले असतात आणि खालच्या रोजनाम्यावर, म्हणजे प्रकरणाच्या तारीखवार नोंदीत, ‘वरिष्ठ न्यायालयाच्या आदेशाच्या प्रतीक्षेत’ एवढीच ओळ तारखेमागून तारखेला उमटत राहते. जाब मात्र खालच्याच न्यायाधीशाला द्यायचा आहे.

देखरेख कोणाची

राज्यघटनेत खालच्या न्यायालयांवर देखरेखीचा अधिकार उच्च न्यायालयाला आहे. अनुच्छेद 227 त्याला अधीक्षणाचे अधिकार देतो, अनुच्छेद 235 जिल्हा न्यायालयांवरचे प्रशासकीय नियंत्रण. बदली, रजा, गोपनीय अहवाल, न्यायाधीशाचे काम मोजणारी ‘युनिट’, सगळे तिथेच ठरते. सर्वोच्च न्यायालयाला जिल्हा न्यायालयावर असा थेट प्रशासकीय हात नाही. म्हणून ते उच्च न्यायालयांना सांगते, उच्च न्यायालय परिपत्रक काढते, प्रमुख जिल्हा न्यायाधीश ते पुढे पाठवतात आणि शेवटी ते तालुक्याच्या कनिष्ठ स्तर दिवाणी न्यायाधीशाच्या टेबलावर पोचते. त्याच्यासमोर त्या दिवशी जामीन अर्ज, धनादेशाचे खटले, मनाईचे अर्ज आणि जुने दावेही असतात.

सहा महिन्यांची मर्यादाही नवी नव्हे. सरन्यायाधीश शरद बोबडे यांच्या अध्यक्षतेखालच्या तीन न्यायमूर्तींच्या पीठाने 22 एप्रिल 2021 च्या राहुल शाह निकालात 14 निर्देश दिले होते आणि दाखल झाल्यापासून सहा महिन्यांत दरखास्त संपवा, नाही जमले तर कारणे लेखी नोंदवा, हे त्यात स्पष्ट होते. 2022 मध्ये दुसऱ्या एका निकालात तेच पुन्हा सांगितले गेले. दोन्ही वेळा आदेश सुटला आणि पुढे काय झाले हे विचारणारी तारीख कोणी लावली नाही. 2025 च्या निकालाचे वेगळेपण एवढेच, पण ते लहान नाही: या वेळी न्यायालयाने हिशेब मागितला आणि तो पाहायला पुन्हा बसले.

आकडे आले

16 ऑक्टोबर 2025 रोजी न्या. पारडीवाला आणि न्या. पंकज मिथल यांच्यासमोर तो हिशेब आला. सहा महिन्यांत 3,38,685 दरखास्ती निकाली निघाल्या होत्या आणि 8,82,578 प्रलंबित होत्या. न्यायालयाने हे चित्र अत्यंत निराशाजनक ठरवले. हुकूमनामा झाल्यावर त्याच्या अंमलबजावणीलाही वर्षानुवर्षे लागणार असतील तर हुकूमनाम्याला अर्थ काय, असा त्यांचा सूर होता. कर्नाटकची माहिती आलेलीच नव्हती, त्याबद्दल तिथल्या प्रबंधकांकडून खुलासा मागवला. उच्च न्यायालयांना आणखी सहा महिने दिले आणि पुढची तारीख 10 एप्रिल 2026 ठेवली.

प्रलंबितांच्या यादीत पहिले नाव मुंबई उच्च न्यायालयाच्या अधिकारक्षेत्राचे होते. सुमारे 3 लाख 41 हजार. दुसऱ्या क्रमांकावरचे तमिळनाडू 86,148 वर आणि केरळ 82,997 वर. म्हणजे देशातल्या दर 100 प्रलंबित दरखास्तींपैकी जवळपास 39 महाराष्ट्र, गोवा आणि दादरा-नगर हवेली, दमण-दीव एवढ्या टापूत. ज्या राज्यातल्या हुकूमनाम्यावरून हे सगळे निघाले, त्याच्या चौपट ओझे आपल्याकडे. मराठी वर्तमानपत्रांत ही बातमी एक दिवस आली आणि विरली, याचे मला अजून नवल वाटते.

आपल्याकडेच एवढा ढीग का? खालच्या न्यायाधीशांचा आळस हे सोपे उत्तर आहे आणि ते फारसे उपयोगी नाही. न्यायालयाच्या आवाराबाहेर अडणाऱ्या दोन प्रकारच्या दरखास्ती आपल्याकडे जागोजागी दिसतात.

पहिला प्रकार भूसंपादनाचा. धरणे, कालवे, रस्ते, औद्योगिक वसाहती यांसाठी जमिनी गेल्या. शेतकऱ्यांनी 1894 च्या भूसंपादन कायद्याच्या कलम 18 खाली वाढीव मोबदला मागितला, न्यायालयाने तो दिला, आणि सरकारने पैसे भरले नाहीत. सरकारविरुद्धच्या हुकूमनाम्यात तीन महिने थांबून मगच दरखास्त चालवता येते. ते तीन महिने जातात, तीन वर्षेही जातात. शेवटी जिल्हाधिकाऱ्यांची खुर्ची, संगणक, सरकारी गाडी जप्त करायला बेलिफ येतो, त्याचे छायाचित्र छापून येते, अधिकारी मुदत मागतात, गाडी परत जाते. दरम्यान त्याच कायद्याच्या कलम 28 खाली वाढीव रकमेवर पहिल्या वर्षी 9 टक्के आणि पुढे 15 टक्के व्याज चढत असते, ते तुमच्या-आमच्या करातून. इथे विलंब करणारा पक्षकार राज्य सरकार किंवा त्याचे महामंडळ आहे. न्यायाधीशाला कितीही जाब विचारला तरी कोषागारातून रक्कम सुटत नाही.

दुसरा प्रकार वाटपाचा, आणि मला तो जास्त महत्त्वाचा वाटतो, कारण त्याबद्दल बोलले जात नाही. भावाभावांच्या शेतजमिनीच्या वाटपाचा हुकूमनामा दिवाणी न्यायालय देते, पण शेतसारा लागू असलेल्या जमिनीचे प्रत्यक्ष तुकडे न्यायालय पाडत नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 54 नुसार ते काम जिल्हाधिकाऱ्यांचे. कागद तिकडे जातात, तिथून तहसीलदाराकडे, तिथून मोजणीसाठी भूमी अभिलेख कार्यालयात. मोजणीची फी, मोजणीची तारीख, मोजणीला एक भाऊ गैरहजर, वाटपाचा तक्ता, त्यावर हरकती, विहीर कोणाच्या वाट्याला आणि रस्ता कुठून यावरची भांडणे, मग ताबा, मग सातबारा. इकडे न्यायालयात लावलेली दरखास्त ‘जिल्हाधिकाऱ्यांच्या अहवालासाठी’ तारखांवर उभी. गावातली माणसे कोर्टाला दोष देतात, कोर्ट तहसीलला स्मरणपत्र पाठवते. उच्च न्यायालयाचे अनुच्छेद 235 चे नियंत्रण महसूल खात्यावर चालत नाही. सहा महिन्यांचे घड्याळ न्यायाधीशाच्या टेबलावर आहे आणि काम मोजणीदाराच्या टेबलावर.

(18 ऑगस्ट 2025 पासून कोल्हापुरात उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच बसू लागले, तेव्हा जुन्या दिवाणी प्रकरणांना आता वेग येईल असे बरेच बोलले गेले. मुंबईची फेरी वाचली हे खरेच मोठे आहे. पण वाटपाची दरखास्त कोल्हापूर बेंचच्या दारात अडलेलीच नव्हती.)

‘निकाली’ म्हणजे काय

या सगळ्या देखरेखीतली माझी मुख्य हरकत एका शब्दापाशी नाही, मोजणीच्या पद्धतीपाशी आहे. आदेशात हिशेब आहे तो निकाली आणि प्रलंबित यांचा. दरखास्त निकाली निघण्याच्या वाटा मात्र अनेक आहेत. जमिनीचा ताबा मिळून, पैसे वसूल होऊन ती संपते, तशीच तडजोडीची पुरसीस (लेखी निवेदन) देऊनही संपते. ऋणकोच्या नावावर काही सापडले नाही म्हणून संपते. अर्जदाराने वॉरंटची फी भरली नाही म्हणून संपते. सुनावणीला अर्जदार आणि वकील दोघेही नव्हते म्हणून नियम 105 खाली काढून टाकली जाते. ती पुन्हा जागेवर आणायला नियम 106 मध्ये 30 दिवस आहेत. ते हुकले तरी 12 वर्षांची मुदत शिल्लक असेल तोवर नवी दरखास्त लावता येते. तिला नवा क्रमांक मिळतो आणि आकडेवारीत तिचे वय शून्यापासून मोजले जाते.

3,38,685 पैकी किती जणांच्या हातात प्रत्यक्ष जमीन किंवा रक्कम पडली, हे ‘निकाली’च्या रकान्यातून कळत नाही. सहा महिन्यांनी जाब द्यायचा आहे म्हटल्यावर न्यायाधीश सोपी दरखास्त आधी हातात घेईल, अवघड दरखास्तीतल्या अर्जदाराला एक तहकुबी कमी देईल. यात अप्रामाणिकपणा काही नाही, कोणीही हेच करील. आणि महाराष्ट्रात न्यायाधीशाची बदली साधारण तीन वर्षांनी होते, म्हणजे ज्याच्या काळात दरखास्त कुजली तो जाब द्यायला त्या खुर्चीत नसतोच. ज्या वारसांसाठी हा आदेश निघाला, त्यांची कूळ-हरकतीची दरखास्त या मोजणीत सगळ्यात तोट्याची ठरते. वेळ सर्वाधिक, आकड्यात एक.

दुसरी हरकत खुद्द सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठानेच नोंदवली आहे. 29 फेब्रुवारी 2024 च्या अलाहाबाद उच्च न्यायालय बार असोसिएशनच्या निकालात त्यांनी म्हटले की घटनात्मक न्यायालयांनी इतर न्यायालयांतली प्रकरणे ठरावीक मुदतीत संपवण्याचे आदेश एरवी देऊ नयेत, फक्त अपवादात्मक परिस्थितीतच द्यावेत. प्रत्येक न्यायालयातल्या कामाचे स्वरूप निराळे असते, कोणते प्रकरण आधी घ्यायचे हे तिथे बसलेल्या न्यायाधीशाला अधिक कळते, आणि ज्याला वरपर्यंत जाणे परवडते तो मुदतीचा आदेश आणून रांगेत पुढे घुसतो, अशी त्यामागची कारणे. मुख्य निकाल न्या. अभय ओक यांनी लिहिला. ठाणे जिल्हा न्यायालयात वकिली सुरू केलेल्या न्यायमूर्तींच्या लेखणीतून ते आले याला माझ्या लेखी वजन आहे. त्या पीठावर न्या. पारडीवाला आणि न्या. मिथलही होते.

मग वर्षभरात साऱ्या देशाला सहा महिन्यांची मुदत कशी? बचाव करता येतो. 2024 चा रोख मुख्यतः एखाद्या प्रकरणाला रांग मोडून पुढे काढण्यावर होता. इथे आख्खी रांगच पुढे सरकवायची आहे, त्यामुळे कोणाला झुकते माप नाही. शिवाय दरखास्त हा मुळात संपलेल्या वादाचा शेवट असतो. मला हा बचाव निम्मा पटतो. रांग पुढे सरकते तेव्हा तिच्याशेजारची रांग मागे पडते, आणि तोच न्यायाधीश, तोच लघुलेखक, तेच दोन बेलिफ दोन्हीकडे पुरे पडत नाहीत. दरखास्ती संपवायला घेतलेले महिने जुन्या दाव्यांमधून वजा होतात. हिशेबातल्या त्या सहा महिन्यांच्या वेगाने पाहिले आणि नवी एकही दरखास्त आली नाही असे धरले, तरी उरलेला साठा संपायला किमान 15 महिने लागतात. नव्या तर रोज येतात.

2021 च्या निर्देशांमध्ये याहून शहाणी गोष्ट होती आणि ती मागे राहिली. ताब्याच्या दाव्यात न्यायालयाने सुरुवातीलाच, संहितेच्या आदेश 10 खाली, पक्षकारांना विचारावे की जागेत आणखी कोणाचा हक्क किंवा ताबा आहे का. गरज पडल्यास न्यायालयाने नेमलेला आयुक्त पाठवून जागेचे नेमके वर्णन करून घ्यावे. सापडलेल्या त्रयस्थाला तेव्हाच पक्षकार करावे. पैशाच्या दाव्यात प्रतिवादीकडून आधीच तारण घेता येईल. म्हणजे दरखास्तीतले भांडण दाव्यातच आटोपायचे. तमिळनाडूच्या जमिनीवर कोण कसतो हा प्रश्न सुरुवातीलाच विचारला गेला असता, तर खरे कूळ तेव्हाच सापडले असते आणि खोटे तेव्हाच बाजूला झाले असते. याचा परिणाम सहा महिन्यांत कोणत्याही तक्त्यात दिसणार नाही, आठ-दहा वर्षांनी दिसेल. म्हणूनच बहुधा त्यावर कोणी तारीख ठेवत नाही.

मुंबई उच्च न्यायालयाला मात्र दिल्लीच्या पुढच्या आदेशासाठी थांबायचे कारण नाही. अनुच्छेद 227 च्या खंड (2) मध्ये खालच्या न्यायालयांकडून विवरणे मागवण्याचा आणि त्यांच्या नोंदवह्यांचे नमुने ठरवून देण्याचा अधिकार शब्दशः लिहिलेला आहे. निकाली दरखास्तींच्या विवरणात एक रकाना वाढवावा: ताबा किंवा रक्कम मिळून संपलेल्या किती. दुसरा रकाना, जिल्हाधिकारी किंवा पोलीस यांच्या अहवालासाठी एक वर्षाहून अधिक थांबलेल्या किती. तिसरा, वरिष्ठ न्यायालयाच्या स्थगितीखाली किती. तालुक्यातल्या लिपिकाला हे तिन्ही रोजनाम्यावरून भरता येतात, आणि दुसऱ्या रकान्याची प्रत महसूल व गृह खात्याच्या सचिवांना न्यायिक बाजूने नोटीस लावून पाठवता येते.